पडद्यावरचा पहिला प्रियकर

(रेडिओवरील भाषणाचा संपादित भाग)

आपल्या पडद्यावरचा पहिला प्रियकर कोण, असं विचारलं तर लोक अशोककुमारचं नाव घेतात. जरा जुनी मंडळी असतील तर मास्टर विठ्ठलपर्यंत मागे जातात. माझं उत्तर ऐकून मात्र सगळे हसतात. माझं उत्तर आहे, भस्मासुर. आणि हा प्रियकर पडद्यावर आला तो आपल्या नाशकातून.

हसण्यावारी नेऊ नका. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला, हे शाळकरी मुलांनाही पाठ असतं. त्यानंतर काय झालं, हे फारसं कुणी विचारत नाही. त्याच वर्षी दादासाहेब फाळक्यांनी बिऱ्हाड आणि चित्रपटांचा कारखाना, दोन्ही नाशिकला हलवलं. त्र्यंबकेश्वरी जन्मलेला माणूस घरी परतला म्हणा ना. आणि इथं येऊन त्यांनी हाती घेतला तो 'मोहिनी भस्मासुर'. त्याला जोड म्हणून 'पिठाचे पंजे' नावाची एक छोटी विनोदी फिल्मही त्यांनी दाखवली. म्हणजे हसवण्याचं अंग त्यांना पहिल्यापासून होतं.

गोष्ट तुम्हाला ठाऊकच आहे. ज्याच्या डोक्यावर हात ठेवीन तो भस्म व्हावा, असा वर भस्मासुरानं शंकराकडून मिळवला आणि तो उलटा शंकराच्याच मागे लागला. मग विष्णूनं मोहिनीचं रूप घेतलं. असुर भाळला. मोहिनी म्हणाली, मी नाचते तसा नाचून दाखव, मग बघू. आता विचार करा, हा अजस्र देहाचा गडी नाजूक पावलं टाकतोय, मुरडतोय, गिरकी घेतोय. जमत काहीच नाही, पण उत्साह दांडगा. समोरचीला आवडावं म्हणून माणूस जे जे करायला जातो आणि ज्यात त्याची फजिती होते, ते सगळं या एका नाचात आहे. शेवटी मोहिनी स्वतःच्या डोक्यावर हात ठेवते, हाही ठेवतो, आणि राखेचा ढीग होतो. हा चित्रपट आज पाहायला मिळत नाही. पण शब्द न वापरता सांगता येईल अशी प्रणयाची गोष्ट शोधायची म्हटली तर पुराणांतून याहून सोयीची दुसरी सापडली नसती. सगळं काही हातापायांत आहे, बोलण्यात काहीच नाही.

मोहिनीचं काम केलं कमलाबाई कामत यांनी. त्याच पुढे कमलाबाई गोखले झाल्या, चंद्रकांत गोखल्यांच्या आई आणि विक्रम गोखल्यांच्या आजी. त्यांचा जन्म १९०० चा, म्हणजे तेव्हा ती नाटक मंडळीत वाढलेली पोरगीच होती. त्यांच्या आई दुर्गाबाई कामत याच चित्रपटात पार्वती झाल्या. मायलेकी आल्या होत्या चित्ताकर्षक नाटक मंडळीतून. आपल्या चित्रपटांत स्त्रीनं स्त्रीची भूमिका केली ती या दोघींपासून.

त्याआधीची तऱ्हा काय होती? 'हरिश्चंद्रा'च्या वेळी फाळक्यांनी नटी मिळावी म्हणून जाहिराती दिल्या, दारोदार फिरले, अगदी वेश्यावस्तीतही विचारून आले. कुणी तयार होईना. शेवटी ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात काम करणारा अण्णा साळुंके त्यांच्या नजरेत भरला. हात नाजूक, चेहरा बरा. दहा रुपये पगार होता, फाळक्यांनी पंधरा देऊ केले आणि तारामती मिळाली! मग मिशीचं भांडण. बाप जिवंत असताना मिशी उतरवायची म्हणजे अभद्र. त्यासाठी वडीलधाऱ्यांची मनधरणी करावी लागली, हा किस्सा नाशकात अजून रंगवून सांगतात. त्या चित्रपटात तारामती आणि तिच्या सख्या पाण्यात खेळताहेत आणि राजा तिथं येतो, असा एक प्रसंग आहे. ओल्या लुगड्यांतल्या त्या सगळ्या सख्या पुरुष आहेत. राजा-राणीचा लाडिक प्रसंग म्हणून पाहायला बसावं तर आजच्या प्रेक्षकाला हसू आवरत नाही.

पण इथं थोडं थांबून एक गोष्ट सांगायला हवी. त्या काळच्या प्रेक्षकाला हे विचित्र वाटत नव्हतं. तो बालगंधर्वांवर जीव टाकणारा प्रेक्षक होता. स्त्रीपार्टी नट हा आपल्या रंगभूमीचा मानबिंदू होता आणि नाटकातला प्रणय काही कच्चा नव्हता. खाडिलकरांचं 'मानापमान' १९११ चं. त्यात धैर्यधर आहे, भामिनी आहे, आणि पैशाच्या जोरावर भामिनी मिळवू पाहणारा भित्रा लक्ष्मीधरही आहे. देवलांचा 'संशयकल्लोळ' १९१६ साली गंधर्व मंडळीनं आणला, त्यातली प्रेमाची ओढाताण आजही प्रयोगात टाळ्या घेते. मग अडचण कुठं आली? अडचण अशी की नाटकातला प्रणय गळ्यात होता. पद सुरू झालं की लुगड्यातला माणूस पुरुष आहे हे प्रेक्षक विसरत असे, कारण तो डोळ्यांनी कमी आणि कानांनी जास्त पाहत होता. मूकपटानं नेमका हा कानच काढून घेतला. पद गेलं, लाडिक बोलणं गेलं, रुसव्यातला तो आवाज गेला. पडद्याजवळ पेटी-तबला वाजे, मधूनमधून अक्षरांच्या पाट्या येत, अक्षरओळख नसलेल्यांसाठी कुणीतरी त्या मोठ्यानं वाचत असे. पण पाटी वाचून कुणी प्रेमात पडत नाही. उरलं काय, तर नुसतं शरीर. आणि शरीर खोटं बोलत नाही. साळुंक्यांच्या सीतेचे दंड पिळदार दिसत, असं लिहून ठेवलेलं आहे.

आणखी एक कारण यंत्रातलं आहे. ते लक्षात घेतलं नाही तर आपण त्या नटांवर अन्याय करतो. तेव्हा कॅमेऱ्याची मूठ हातानं फिरवावी लागे आणि चाल साधारण सेकंदाला सोळा चित्रांची ठेवत. एका फुटात सोळा चित्रं, म्हणजे सेकंदाला एक फूट असा सरळ हिशेब. 'राजा हरिश्चंद्र'ची लांबी सुमारे ३७०० फूट, म्हणजे तासभराचा खेळ. पुढे बोलपट आला तेव्हा चाल चोवीसवर गेली. जुनी फिल्म त्या यंत्रावर लावली की तीन सेकंदांची नजर दोन सेकंदांत उरकते. हळूच वर पाहणारी नायिका दचकल्यासारखी पाहते, हात पुढे करणारा नायक झडप घातल्यासारखा वाटतो. मूकपटातली माणसं माकडचेष्टा करतात, असं जे आपण समजतो, त्यातला बराच भाग या घाईचा आहे.

आता माझ्या मूळ मुद्द्याकडे येतो. भस्मासुर हा अपवाद नव्हता. सुरुवातीच्या आपल्या मूकपटांतून प्रेमाची याचना कोण करतो, याची मी एकदा उजळणी केली आणि चकित झालो. 'लंकादहन' हा १९१७ चा, फाळक्यांचा सर्वांत गाजलेल्यांपैकी एक. मुंबईत गिरगावातल्या वेस्ट एंडमध्ये लागला तेव्हा झुंबड उडाली होती. त्यात अण्णा साळुंके राम आणि सीता दोन्ही झाले. लक्षात घ्या, कमलाबाईंनी वाट दाखवून तीन-चार वर्षं झाली होती, तरी सीता पुन्हा पुरुषच. आणि अशोकवनात त्या सीतेची मनधरणी कोण करतो? रावण. रामानं सीतेला मागणी घातल्याचा प्रश्नच नाही, त्यांचं लग्न आधीच झालेलं आहे.

तिकडे दक्षिणेत नटराज मुदलियार यांनी पहिला मूकपट काढला, तो 'कीचकवधम्'. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली आणि पहिला चित्रपट काढला, तो 'सैरंध्री'. १९२० साली पुण्याच्या आर्यन थिएटरात तो लागला. त्यातही कीचकच. पेंटरांनी त्यात बायकांकडूनच बायकांची कामं करून घेतली, हे त्यांचं धाडस. कथेचा आधार खाडिलकरांच्या 'कीचकवधा'चा. ते नाटक १९०७ चं आणि १९१० साली सरकारनं त्यावर बंदी घातली, कारण कीचक म्हणजे कर्झन आणि सैरंध्री म्हणजे आपली माय, हे पिटातल्या प्रेक्षकालाही समजत होतं. परस्त्रीकडे लाळघोटेपणानं पाहणारा तो सत्ताधीश झाला, की त्याच्या प्रियाराधनाला वेगळीच धार येते. सेन्सॉरनं 'सैरंध्री'तलं वधाचं दृश्य कापलं. कीचकाची लगट कुणाला खटकली नाही, त्याचं मरण खटकलं.

भस्मासुर, रावण, कीचक. आपल्या पडद्यावर बाईची मनधरणी करणारे पहिले पुरुष हे असे आहेत. सज्जन पुरुष बाईची मनधरणी करत नाही, तो तिचा नवरा असतो. 'मला तू आवडतेस' हे सांगणं हेच असुराचं लक्षण, आणि ते सांगताना त्याची फजिती होणं हीच त्याची शिक्षा. आणखी मजा पाहा. या असुराला शिक्षा देणारी 'स्त्री' बहुतेक वेळा स्त्री नसतेच. मोहिनी म्हणजे विष्णू. कीचकाच्या कथेत नाट्यशाळेच्या अंधारात सैरंध्रीच्या जागी भीम बसलेला असतो, पुष्कळ कीर्तनकार तर त्याला लुगडं नेसवूनच बसवतात. म्हणजे पडद्याबाहेर नाइलाजानं पुरुषाला लुगडं नेसवायचं आणि पडद्यावरच्या कथेत मुद्दाम. कमलाबाईंची मोहिनी ही तर यावर कडी. पुरुषदेवानं घेतलेलं स्त्रीरूप आणि ते वठवणारी खरीखुरी मुलगी.

याचं कारण पुराणात शोधण्यापेक्षा त्या काळच्या घरांत शोधावं. मुलीचं लग्न दहाव्या-बाराव्या वर्षी उरकत असे. शारदा कायदा झाला १९२९ साली, आणि त्यानंही मुलीचं वय ठेवलं चौदा. वधू-वरांची पहिली नजरानजर अंतरपाट दूर झाल्यावर. अशा घरातला तरुण एखाद्या मुलीला आपलं मन सांगायला शिकणार तरी कुठं? त्याला पाहायला नमुना नव्हता. आणि मुलीनं नाही म्हणायचं असतं, किंवा हो म्हणायचं असतं, हेच मुळी तिला कुणी विचारलेलं नव्हतं. म्हणून मला या फजितीच्या प्रसंगांचं मोल वाटतं. मोहिनी असो, सीता असो, सैरंध्री असो, पडद्यावरची बाई 'नाही' म्हणते आणि तिच्या नकाराला वजन असतं. बायकांच्या बाजूला बसून हे पाहणाऱ्या आपल्या आज्या-पणज्यांना यात काय दिसलं असेल! सावित्रीची गोष्ट याच्या उलट टोकाची, तीही फाळक्यांनी १९१४ साली 'सत्यवान सावित्री'त आणली. तिथं वर शोधायला मुलगीच घराबाहेर पडते आणि नारदानं धोका सांगितला तरी निवड बदलत नाही. चांगल्या माणसांतलं प्रेम दाखवायचं तर पुढाकार बाईचा, हे तेव्हापासूनचं.

हे आपल्याकडेच होतं असं समजू नका. जपानात हुबेहूब हाच तिढा पडला होता. तिथं काबुकी नाटकांत स्त्रियांना १६२९ सालीच बंदी झाली, आणि स्त्रीभूमिका करणाऱ्या पुरुषांची मोठी परंपरा तयार झाली. चित्रपट आला तेव्हा हेच नट, त्यांना 'ओयामा' म्हणत, पडद्यावर नायिका झाले. आवाजाची उणीव त्यांनी आपल्यापेक्षा थाटात भरून काढली. पडद्याशेजारी 'बेन्शी' नावाचा निवेदक बसे आणि नायक, नायिका, सासू, चोर, सगळ्यांचे आवाज एकटा काढी. आपल्या कीर्तनकाराचा आणि तमाशातल्या सोंगाड्याचा मिलाफ म्हणा. लोक नटापेक्षा बेन्शीचं नाव पाहून तिकीट काढत. पण त्यामुळेच तिथला प्रणयही बेन्शीच्या गळ्यात राहिला, चेहऱ्यावर येईना.

सुटका केली ती तरुणांनी, आणि बरीचशी विनोदाच्या वाटेनं. १९१९ साली 'जीवनाचं तेज' अशा अर्थाच्या नावाचा एक चित्रपट आला, त्यात हानायागी हारुमी या स्त्रीनं नायिका केली. पुढच्याच वर्षी 'अमॅच्युअर क्लब' आला. हॉलिवूडहून परतलेला दिग्दर्शक टॉमस कुरिहारा आणि पटकथा तानिझाकी या मोठ्या कादंबरीकाराची. समुद्रकिनारा, हौशी नाटकवाली पोरं, त्यांची धांदल, आणि पोहण्याच्या पोशाखातली नायिका. तीन शतकांच्या परंपरेला असा धक्का गंभीर नाटकातून देता आला नसता. हसता हसता लोकांनी तो पचवला. १९२२ पर्यंत ओयामांचं राज्य संपत आलं, निक्कात्सु कंपनीतले असे बरेच नट एकदमच कंपनी सोडून गेले.

यानंतरचा जपानी मूकपट पाहिला की मला आपल्याकडच्या रिकाम्या जागेची चुटपुट लागते. यासुजिरो ओझूचा १९२९ चा 'वाकाकी ही', म्हणजे तरुणपणचे दिवस. ओझूच्या आज उपलब्ध असलेल्या चित्रपटांतला हा सर्वांत जुना. एक कॉलेजकुमार खिडकीत 'खोली भाड्यानं देणे आहे' अशी पाटी लावून बसतो, का, तर एखादी देखणी मुलगी चौकशीला येईल. येते. हा खोली तिला देऊन मित्राच्या खोलीवर राहायला जातो, तर त्या लाजऱ्या मित्राचंही मन त्याच मुलीवर जडलेलं. परीक्षा संपल्यावर दोघं बर्फावर घसरायला डोंगरात जातात, तिथं तीही भेटते. दोघंही तिच्यापुढे मिरवायला जाऊन धडपडतात. आणि शेवटी कळतं की ती आली आहे 'मियाई'साठी. मियाई म्हणजे वडीलधाऱ्यांनी ठरवलेला मुलगी दाखवण्याचा कार्यक्रम. आपले कांदेपोहेच! मुलगा तिसराच, त्यांच्याच ओळखीचा. दोघं मुकाट्यानं परततात आणि खिडकीत पुन्हा पाटी लागते. यात असुर कुणी नाही, भस्म कुणी होत नाही. चांगल्या घरची चांगली मुलं आहेत, त्यांना मन सांगता येत नाही, एवढीच गोष्ट. घराघरांतलं लग्न तिथंही ठरवूनच होत होतं, पण त्यांच्या दिग्दर्शकाला त्या अडखळण्यातच कथा दिसली.

आपल्याकडे याच्या जवळ गेला तो बंगाल. धीरेन गांगुलींचा 'बिलात फेरत' १९२१ साली कलकत्त्यात आला. विलायतेहून परतलेला तरुण प्रेमाच्या आणि लग्नाच्या नव्या कल्पना घेऊन येतो आणि घरच्यांची भंबेरी उडवतो. मराठी माणसांनी काढलेल्या मूकपटात मात्र देव, संत आणि मावळे यांचीच गर्दी राहिली. नाशकात १९१८ साली सुरू झालेल्या हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनीनं चित्रपट पुष्कळ काढले, पण कॉलेजकुमाराला तिथं जागा मिळाली नाही. फाळक्यांना विनोद येत नव्हता असं नाही, तो त्यांनी राक्षसांना आणि गोकुळातल्या पोरांना दिला.

मराठी पडद्यावर सज्जन तरुणाची प्रेमात फजिती व्हायला १९३८ साल उजाडलं. तोवर बोलपट येऊन सहा वर्षं झाली होती. आचार्य अत्र्यांनी लिहिलेला, मास्टर विनायकांचा 'ब्रह्मचारी'. औदुंबर हा गडी एका व्याख्यानानं भारावून ब्रह्मचर्याची शपथ घेतो, भिंतीवरच्या नट्यांच्या तसबिरी काढून टाकतो आणि आश्रमात दाखल होतो. मग किशोरी त्याच्या मागोमाग तिथं पोचते. मीनाक्षी शिरोडकरांच्या पोहण्याच्या पोशाखावर तेव्हा किती काहूर माजलं ते जुन्या लोकांना ठाऊक आहे. जपानी पडद्यानंतर अठरा वर्षांनी आपल्या पडद्यावरही तोच पोशाख, तोच विनोद, आणि सावित्रीसारखाच पुढाकार मुलीचा. औदुंबर बिचारा भस्मासुराच्याच वंशातला, ती नाचवील तसा नाचणारा. फरक इतकाच की याचं भस्म होत नाही, लग्न होतं.

कमलाबाई दीर्घायुषी होत्या. त्यांनी रंगभूमीवर उदंड कामं केली, पुरुषांच्या भूमिकासुद्धा केल्या. रीना मोहन यांनी त्यांच्यावर 'कमलाबाई' हा सुरेख माहितीपट केला आहे, तो मिळाला तर जरूर पाहा. नव्वदीतल्या त्या बाईंचा चेहरा पाहताना मोहिनीची कल्पना करता येते.

आणि नाशकातल्या मूकपटातलं काही प्रत्यक्ष पाहायचं असेल तर 'कालिया मर्दन' पाहा. १९१९ चा. पुण्याच्या चित्रपट संग्रहालयाचे पी. के. नायर यांनी त्याचे तुकडे फाळक्यांच्या कुटुंबीयांकडून मिळवले आणि जुळवले. त्यात कृष्ण आहे फाळक्यांची लहान मुलगी मंदाकिनी. सुरुवातीलाच ती एकामागून एक भाव चेहऱ्यावर आणून दाखवते, पाटीची गरजच पडत नाही. आणि पुढे हा कृष्ण रात्री एका शेटजीच्या घरात शिरतो, झोपलेल्या शेटजीची दाढी आणि त्याच्या बायकोची वेणी एकमेकींना बांधून टाकतो आणि पसार होतो.